ओसरीवरचं कुत्रं, चुलीमागचं मांजर : वाचकांचे प्रश्न

पोरं नोकरीसाठी पुण्या-नागपूरला, गावच्या घरात दोन माणसं, कधी एकच, आणि सोबतीला एक जनावर. या वेळच्या बहुतेक पत्रांचं चित्र हेच आहे. काही घरांत ते जनावरही शहरातूनच आलेलं. पत्रं लांब होती, इथं थोडक्यात दिली आहेत. नावं गाळली आहेत.

प्रश्न : मुलगा पुण्याला फ्लॅटमध्ये राहतो. त्याची बदली झाली आणि त्याचा चार वर्षांचा लॅब्रेडॉर (वजन 34 किलो) होळीच्या सुमारास आमच्याकडे आला. तिथं त्याला एसी होता, इथं वर टिनं आहेत. दुपारभर धापा टाकतो, जेवण निम्म्यावर आलंय. शेजारी म्हणतात, केस भादरून टाका. घरात आम्ही दोघंच. ह्याच्यामुळे पहाटे उठून बाहेर पडणं होतं, म्हणून परत धाडायचं मन होत नाही. पण ह्याचा मे महिना निघेल का? — ता. मंगरूळपीर, जि. वाशीम

निघेल. केस मात्र भादरू नका. लॅब्रेडॉरच्या अंगावर केसांचे दोन थर असतात. वरचा राठ थर उन्हापासून कातडी वाचवतो, आतला मऊ थर या दिवसांत आपोआप गळतो. तो गळालेला केस आतच अडकून राहिला तर हवा खेळत नाही. म्हणून दिवसाआड दहा मिनिटं दाट दातांच्या कंगव्यानं केस विंचरून काढा. भादरलेल्या कातडीला ऊन थेट भाजतं, आणि नंतर केस कधीकधी चट्ट्याचट्ट्यांनी उगवतात.

कुत्र्याला घाम फुटतो तो पंजाच्या गाद्यांना, तोही नावापुरता. अंगातली उष्णता बाहेर टाकायचा त्याचा मुख्य मार्ग म्हणजे धाप. त्यामुळे नुसत्या धापेनं घाबरू नका, पण धाप वाढेल असं काही दुपारी करूही नका. फिरणं सकाळी सहाच्या आत आणि रात्री आठनंतर. डांबरी रस्ता सूर्य मावळल्यावरही तासन् तास तापलेला असतो. तळहाताची मागची बाजू रस्त्यावर सात सेकंद ठेवून बघा, ठेववली नाही तर कुत्र्याचे पंजे भाजतील. त्यापेक्षा वावराची पांदण बरी.

टिनाखालची खोली दुपारी त्याच्यासाठी वर्ज्य समजा. टिनाची धग वरून अंगावर येते आणि पंखा तीच गरम हवा फिरवत राहतो. घरात मातीच्या भिंतीची जुनी खोली असेल तर तिचा कोपरा द्या, नसेल तर कडुनिंबाची दाट सावली. फरशीवर किंवा सारवलेल्या जमिनीवर हातभर जागा पाणी शिंपडून ओली ठेवा, तो स्वतःच पोट टेकवून पडेल. आपल्याकडची हवा मे महिन्यात कोरडी असते म्हणून कूलर चांगला चालतो, फक्त समोरची खिडकी उघडी हवी. मृगाचा पाऊस पडून हवा दमट झाली की कूलरचं पाणी बंद करा आणि नुसता पंखा चालवा.

एवढ्या वजनाच्या कुत्र्याला एरवी दिवसाला दीड-दोन लिटर पाणी लागतं, नवतप्यात त्याहून बरंच जास्त. मातीची दोन रुंद भांडी दोन वेगळ्या ठिकाणी ठेवा. एक सांडलं तर दुसरं असतं. दिवसातून दोनदा भांडं घासून पाणी बदला.

उन्हाळ्यात जेवण थोडं घटणं स्वाभाविक आहे. लॅब्रेडॉर जातीला वजन लवकर चढतं, तेव्हा थोडं घटलेलं चांगलंच. हात फिरवल्यावर बरगड्या बोटांना लागल्या पाहिजेत, डोळ्यांना दिसता कामा नयेत. पुण्याचं पाकिटातलं खाणं संपून घरचं सुरू करायचं असेल तर आठ दिवस घ्या. आधी पाव भाग घरचं, मग अर्धा, मग पाऊण. एकदम बदललं की जुलाब ठरलेले. दिवसाचा अंदाज असा : साधारण 100 ग्रॅम पिठाची एक, अशा ज्वारीच्या दोन भाकरी, 60 ग्रॅम मूग किंवा तूर डाळ मऊ शिजवून, तीन उकडलेली अंडी, वाटीभर दही, छोटा चमचा तेल. अंड्याची टरफलं वाळवून बारीक कुटा आणि त्यातली अर्धा ते पाऊण छोटा चमचा पूड मिसळा, नाहीतर चुन्याची, म्हणजे कॅल्शियमची, कमतरता पडते. वरण फोडणी द्यायच्या आधीच बाजूला काढा. कांदा-लसणानं कुत्र्याच्या रक्तातल्या तांबड्या पेशी फुटतात, मनुका आणि द्राक्षांनी मूत्रपिंड जातं. वाढण्याच्या वेळा पहाटे साडेपाच आणि रात्री आठ. शिजवलेली हाडं देऊ नका, त्यांच्या अणकुचीदार काड्या होऊन आतड्यात रुततात.

आता उष्माघात. घरात एक डिजिटल थर्मामीटर कुत्र्यासाठी वेगळा ठेवा. टोकाला तेल लावून गुदद्वारात दोन सेंटिमीटर. नेहमीचं तापमान 101 ते 102.5 फॅरनहाइट. तापमान 104 च्या वर, हिरड्या गडद लाल, लाळ चिकट आणि चाल डगमगती, असं दिसलं की आधी गार करायचं आणि मग दवाखाना गाठायचा, उलट नाही. सावलीत न्या. पोट, जांघा, काखा, पंजे यांवर पाण्याची धार धरा आणि पंखा लावा. इथं एक चूक हमखास होते. गच्चीवरच्या काळ्या टाकीतलं दुपारचं पाणी चहाच्या आधणासारखं तापलेलं असतं, घाईत तेच नळानं सोडलं जातं. विहिरीचं, हौदाचं किंवा माठाचं पाणी घ्या. बर्फ चोळू नका, कातडीतल्या नसा आकसून आतली उष्णता आतच राहते. ओला टॉवेल अंगावर टाकून ठेवू नका, तो दोन मिनिटांत गोधडीसारखा गरम होतो. पाणी तोंडात ओतू नका, पुढ्यात ठेवा. 103 वर आलं की ओतणं थांबवा, कारण त्यानंतरही तापमान आपोआप उतरत राहतं. तो उठून शेपूट हलवू लागला तरी त्याच दिवशी डॉक्टरांना दाखवा. मूत्रपिंडाचा आणि रक्त गोठण्याचा बिघाड एक-दोन दिवसांनी डोकं वर काढतो.

तुम्ही विचारलं नाहीत, पण निम्म्यावर आलेल्या जेवणाचं अर्धं कारण मुलाची आठवण असावी. फ्लॅटमधल्या कुत्र्याचा दिवस ठरलेल्या आवाजांवर चालतो : लिफ्ट, दाराची बेल, चावी. ते आवाज गेले की त्याला वेळ कळत नाही. म्हणून तुमचं पहाटेचं फिरणं, खाणं, विंचरणं घड्याळ लावून करा. दोन-तीन आठवड्यांत तो तुमच्या कडी-कोयंड्याच्या आवाजावर उभा राहू लागेल. मुलाचा व्हिडिओ कॉल त्याला दाखवणं तूर्त टाळा. आवाज येतो, वास येत नाही, मग तो तासभर घर हुंगत फिरतो. मुलाची न धुतलेली चादर मागवून अंथरलीत तर जास्त उपयोग होईल.

आणखी एक. गावातली कुत्री नव्याला घेरतात. पहिला महिना पट्टा हातातच असू द्या. रेबीजची लस वर्षाच्या आत झाली आहे का, ते पुण्याच्या कार्डावर बघा. तुम्हाला दात किंवा ओरखडा लागलाच तर साबण आणि वाहत्या पाण्यानं पंधरा मिनिटं जखम धुवा, हळद-चुना-तिखट काही भरू नका, आणि त्याच दिवशी सरकारी दवाखान्यात लस सुरू करा.

प्रश्न : कुत्र्याच्या अंगावरचे गोचीड जात नाहीत. आंघोळ घालून झाली, वेचून झालं, आठ दिवसांत पुन्हा तेवढेच. शेजारी कपाशीवर मारायचं औषध बोळ्यानं लावतो. आम्हीही लावावं का? गोचीड आमच्या बैलांमुळेच येत असतील का? — ता. चांदूर बाजार, जि. अमरावती

कपाशीचं औषध जनावराच्या अंगाला लावू नये. थोडंही नाही, पातळ करूनही नाही. प्रोफेनोफॉस, मोनोक्रोटोफॉस ही औषधं कातडीतून आत जातात, आणि कुत्रं अंग चाटत असल्यानं पोटातूनही जातात. 2017 च्या हंगामात यवतमाळ जिल्ह्यात फवारणीच्या विषबाधेनं माणसं दगावली, ती धट्टीकट्टी होती. वीस किलोच्या कुत्र्याचं काय घेऊन बसलात! लाळ गळणं, बाहुली टाचणीएवढी होणं, अंग थरथरणं, जुलाब ही लक्षणं दिसली तर हातमोजे घालून साबणानं अंग धुवा, बाटली किंवा तिचं लेबल सोबत घ्या आणि थेट पशुवैद्यकाकडे जा. अॅट्रोपिनचं इंजेक्शन वेळेत मिळालं तर जनावर वाचू शकतं. मिठाचं पाणी पाजून ओकारी काढायच्या फंदात पडू नका. अशा पुष्कळ विषबाधा औषध लावल्यानं होतही नाहीत. फवारणीचं पाणी कालवलेली बादली बांधावर तशीच राहते आणि तहानलेलं कुत्रं तिच्यात तोंड घालतं. बादली पालथी घाला.

बैलांवरचा आळ काढून टाका. ढोरांवरचे गोचीड बहुधा वेगळ्या जातीचे असतात. कुत्र्यावरचा तपकिरी गोचीड कुत्र्यावरच वाढतो आणि तुमच्या घरातच राहतो. रक्त पिऊन टरारलेली मादी खाली पडते, भिंतीच्या भेगेत शिरते आणि काही हजार अंडी घालते. पिल्लं निघतात, कुत्र्यावर चढतात, रक्त पितात, पुन्हा उतरून भेगेत जातात. अंगावर दिसतो तो फार लहान हिस्सा, बाकी सगळा गोतावळा भिंतीत. तुम्ही अंगावरचे वेचता, भिंतीतले पुढच्या आठवड्यात चढतात.

म्हणून कुत्रं आणि भिंत, दोन्हीचा उपाय एकाच दिवशी. कुत्र्यासाठी वजनानुसार द्यायच्या चघळायच्या गोळ्या आहेत. फ्लुरालॅनरची गोळी साधारण बारा आठवडे चालते, अॅफॉक्सोलॅनरची महिनाभर. महाग वाटतील, पण आंघोळीनं त्यांचा असर जात नाही. मानेवर सोडायचं फिप्रोनिल स्वस्त पडतं, मात्र ते लावायच्या आधी दोन आणि नंतर दोन दिवस आंघोळ नको. डेल्टामेथ्रिन किंवा अमिट्राझ वापरणार असाल तर प्रमाण डॉक्टरांकडून लिहून घ्या, आणि घरात मांजर असेल तर ही दोन्ही औषधं विसरा. कुत्र्याला सोसणारं डेल्टामेथ्रिन मांजरीच्या जिवावर बेतू शकतं.

भिंतीच्या भेगा शेणामातीनं लिंपून बुजवा, वरून चुना द्या. कुत्र्याचं बारदान उकळत्या पाण्यात टाका किंवा जाळा. लाकडी पलंगाचे सांधे आणि दाराची चौकट विसरू नका, टरारलेला गोचीड वर चढतो. दर पंधरा दिवसांनी हेच, असे किमान चार फेरे. उपाशी गोचीड कित्येक महिने जगतो, त्यामुळे एका फेऱ्यात संपले असं मानलं की पुन्हा पहिल्यापासून सुरुवात.

रोज संध्याकाळी पाच मिनिटं बोटं फिरवा : कानाच्या आत, पट्ट्याखाली, काखेत, जांघेत, बोटांच्या बेचक्यांत, शेपटीच्या मुळाशी. सापडला तर बारीक चिमट्यानं कातडीलगत धरून सरळ ओढा. रॉकेल, काडीचा चटका, पिरगाळणं नको. नखावर चिरडू नका, साबणाच्या पाण्यात टाका. या पाच मिनिटांत गोचीड तर निघतातच, शिवाय अंग तापलंय का, हिरड्या पांढऱ्या पडल्यात का, तेही हाताला आणि डोळ्याला कळतं. ताप, खाणं सोडणं, नाकातून रक्त किंवा काळ्या चहासारखी लघवी दिसली तर गोचीडताप समजा आणि रक्त तपासून घ्या. त्यातल्या एका प्रकाराला डॉक्सिसायक्लिन सहसा 28 दिवस द्यावं लागतं. चौथ्या दिवशी कुत्रं खेळू लागतं आणि घरचे गोळ्या बंद करतात, मग आजार उलटतो.

प्रश्न : मांजरीला दोन्ही वेळ दूध-भात घालतो, तरी अंग धरत नाही, केस निस्तेज. घरात धान ठेवलेलं असतं. जास्त खायला दिलं तर ती उंदीर धरणं सोडेल, असं घरचे म्हणतात. — ता. आरमोरी, जि. गडचिरोली

दूध-भातावर मांजर जगतं, पण पोसलं जात नाही. ते पक्कं मांसाहारी जनावर आहे. टॉरिन नावाचा घटक त्याचं शरीर पुरेसा बनवू शकत नाही, तो मांस-मासळीतूनच यावा लागतो. वर्षानुवर्षं कमी पडला तर डोळे जातात, हृदय कमजोर होतं. दूध मोठ्या मांजरांना बहुधा पचतही नाही, पातळ शी होते.

तुमच्याकडे बोडीची (लहान तळ्याची) लहान मासळी मिळते, तिच्यासारखं दुसरं काही नाही. कच्ची देऊ नका. काही गोड्या पाण्याच्या माशांत बी-वन जीवनसत्त्व नासवणारा घटक असतो, तो शिजवल्यानं जातो. मात्र टॉरिन शिजवलेल्या पाण्यात उतरतं, तेव्हा पाणी थोडं घाला आणि तेही त्याच ताटलीत ओता. तीन-साडेतीन किलोच्या मांजरीला दिवसाला 100 ते 120 ग्रॅम शिजलेली मासळी किंवा कोंबडी, आठवड्यात तीनदा एक अंडं, आणि मूठभर भात चवीपुरता. कोंबडीचं काळीज आठवड्यातून एकदा आणि लहान तुकडाच, हृदय मात्र हवं तेवढं. सुकट द्यायची तर भिजवून खारं पाणी टाकून द्या.

आणि उंदीर : पोट भरलेलं मांजरही शिकार करतं, ती भुकेनं नाही, सवयीनं होते. उपाशी मांजर उलट लांब भटकतं. धानाच्या कोठीशी उंदराचं औषध ठेवलं असेल तर ते आधी उचला. ब्रोमॅडिओलोन खाल्लेला उंदीर मांजरीनं खाल्ला तर तीन-चार दिवसांनी तिच्या हिरड्यांतून, नाकातून रक्त येऊ लागतं. उपाय व्हिटॅमिन के-वन, पण तो वेळेत हवा. ताप आला म्हणून पॅरासिटामॉल देणं हा मांजरीला मारायचा सगळ्यात सोपा रस्ता. अर्धी गोळीही नको.

प्रश्न : धानाच्या जागलीवर कुत्रं सोबत नेतो. मचाणाखाली साखळीनं बांधतो. बिबट्याचा वावर आहे. काय काळजी घ्यावी? — ता. सिंदेवाही, जि. चंद्रपूर

साखळी काढा. बांधलेलं कुत्रं म्हणजे बिबट्यासाठी वाढून ठेवलेलं ताट, आणि ताटापर्यंत आलेला बिबट्या तुमच्या मचाणापाशीही आलेला असतो. कुत्र्याला रात्री घरात, दार लावून ठेवा. कुडाची भिंत पुरत नाही, वरून जाळी हवी. जंगलालगतच्या कुत्र्याला रेबीजबरोबर डिस्टेंपरची लसही द्याच. 1994 साली सेरेंगेटीतले सुमारे एक तृतीयांश सिंह याच आजारानं गेले, 2018 मध्ये गीरच्या सिंहांतही तो आढळला. कुत्र्यांतून तो वाघ-बिबट्यांतही जाऊ शकतो. लस 2 ते 8 अंश सेल्सिअसमध्ये टिकते. तालुक्याहून आणायची तर बर्फाच्या डब्यात, आणि लाइट सारखी जाणाऱ्या दुकानातली घेऊ नका.

प्रश्न : वादळात झाडावरून पोपटाचं पिल्लू पडलं. नातवाला पाळायचं आहे. — ता. देवरी, जि. गोंदिया

पाळता येणार नाही. देशी पोपट पिंजऱ्यात ठेवणं 1972 च्या वन्यजीव संरक्षण कायद्यानं गुन्हा आहे. ढोली सापडली तर परत ठेवा, माणसाचा हात लागला म्हणून आईबाप टाकत नाहीत. ढोली नाहीच सापडली तर भोकं पाडलेल्या खोक्यात, अंधारात, ऊबेत ठेवून वनविभागाला कळवा. पाणी चोचीत ओतू नका, श्वासनळीत जातं.

प्रश्न : माझं गावठी कुत्रं तेरा वर्षांचं झालं. मागचे पाय धरत नाहीत, जागेवरच लघवी होते. पत्नी गेल्यापासून घरात आम्ही दोघंच. मुलं नागपूरला बोलावतात, पण ह्याला टाकून कसा जाऊ? लोक हसतात, ‘कुत्र्यासाठी कायले एवढं?’ म्हणतात. ह्याला बरं वाटेल असं काय करू? आणि वेळ आली हे कसं ओळखू? — ता. घाटंजी, जि. यवतमाळ

हसणाऱ्यांना हसू द्या. ज्या गावात पोळ्याच्या आदल्या दिवशी बैलाचे खांदे तूप-हळदीनं शेकतात, तिथं म्हाताऱ्या कुत्र्याच्या पायाला शेक देणं हे काही नवल नाही.

आधी डॉक्टरांना एकदा दाखवा. मागचे पाय जाण्याचं कारण सांधे आहे, मणका आहे की गोचीडताप, यावर पुढचं ठरतं. 1962 हा फिरत्या पशुचिकित्सा पथकाचा क्रमांक आहे. ती सेवा मुख्यतः ढोरांसाठी असली तरी विचारून बघा. क्ष-किरण वगैरे लागलं तर अकोल्याची पशुवैद्यकीय संस्था किंवा नागपूरचं पशुवैद्यकीय महाविद्यालय. घरातली दुखण्याची गोळी देऊ नका. डायक्लोफिनॅकनं कुत्र्याच्या पोटात रक्तस्राव होतो, मूत्रपिंड बिघडतं. गिधाडं मेल्यामुळे 2006 पासून जनावरांसाठी तर त्यावर बंदीच आहे. मेलॉक्सिकॅमसारखं औषध वजनावर मोजून आणि पोटात अन्न असताना, डॉक्टरांनी लिहून दिलं तरच.

अंथरूण चार बोटं जाड हवं : खाली तुरीच्या भुशानं भरलेलं पोतं, वर जुनी गोधडी, मध्ये खताच्या रिकाम्या पोत्याचं प्लास्टिक. दर तीन-चार तासांनी कूस बदला. कोपर आणि कुल्ह्याच्या हाडावर केस गेले, कातडी लाल झाली की तिथं जखम होणार. तिथं कापडाचं चुंबळ घालून हाड अधांतरी ठेवा. लघवी झाली की कोमट पाण्यानं पुसून कोरडं करा, जांघेत खोबरेल तेल लावा. पावसाळ्यात जखमेवर माशी बसली की एक-दोन दिवसांत अळ्या. जखमेच्या कडेनं, आत नाही, कडुनिंबाचं किंवा करंजीचं तेल लावलं तर माशी दूर राहते. खायचं-प्यायचं ताट विटेवर ठेवा, म्हणजे मान खाली वाकवावी लागत नाही. दिवसातून तीनदा पोटाखालून जुन्या धोतराची झोळी घालून मागचा भाग उचला आणि अंगणात दहा पावलं चालवा. पायरीवर बारदान अंथरा, गुळगुळीत फरशीवर त्याचे पाय फाकतात.

वेळ आली का, हे एका दिवसावरून ठरवू नका. भिंतीवरच्या कालनिर्णयात रोज रात्री खूण करा. स्वतःहून खाल्लं, पाणी प्यालं, तुम्ही आल्यावर मान उचलली, रात्री कण्हल्याशिवाय झोपलं, या चारांतल्या तीन गोष्टी झाल्या तर फुली, नाहीतर गोल. दोन आठवड्यांत गोल फुल्यांपेक्षा जास्त झाले तर डॉक्टरांशी बोला. आधी गुंगीचं इंजेक्शन आणि मग भुलीच्या औषधाचा मोठा डोस देऊन जनावराला वेदनेविना निरोप देता येतो. त्या वेळी त्याचं डोकं तुमच्या हातात असू द्या. कोणी भाकरीत काही कालवून द्यायचा सल्ला देईल, तो ऐकू नका, ते मरण फार वाईट असतं.

नागपूरचं म्हणाल तर या वयात त्याला बसनं हलवू नका. तुम्हाला दोन दिवस जावं लागलं तर शेजारच्या पोराला कूस बदलायच्या वेळा कागदावर लिहून द्या आणि जायच्या आधी दोन दिवस त्याच्याकडूनच करून घ्या. कुत्र्याला त्याचा हात ओळखीचा व्हायला हवा.

एक काम आत्ता, उन्हाळ्यातच उरकून घ्या : जागा ठरवा. काळ्या जमिनीत पावसाळ्यात खड्डा पाण्यानं भरतो आणि उन्हाळ्यात भेगा इतक्या खोल जातात की वास वर येऊन भटकी कुत्री उकरतात. बांधाची मुरमाड, चढावरची बाजू निवडा, विहिरीपासून लांब. छातीएवढा खोल खड्डा, वरून चुना, माती दाबून तिच्यावर दगड. मुरमात खणायला दोन माणसं आणि सबल लागेल, ती कोण हे आजच विचारून ठेवा.